कुसुमबाईंचा चौथा भाग

तात्याराव निवृत्त झाले आणि कुसुमबाईंच्या घरात वाहतूक सुरू झाली.

पाथरीच्या बसस्थानकात वाहतूक नियंत्रक म्हणून तात्यारावांनी आख्खी नोकरी काढली होती. कोणती गाडी लागली, कोणती रखडली, कोणती आज येणारच नाही, हे माईकवरून सांगायचं आणि खिडकीतून डोकं घालून भांडणाऱ्यांना शांत करायचं. आता गाड्या गेल्या, माईक गेला, फक्त अंगातली धावपळ राहिली. ते स्वयंपाकघरात येत, कुकरकडे बघत, भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत आणि म्हणत, "शिट्टीला उशीर व्हायलाय." मग फाटकापर्यंत जात, रस्ता दोन्ही बाजूंनी तपासत, परत येत आणि फ्रीज उघडून उभे राहत. फ्रीजमध्ये काय बघायचं असतं हे त्यांनाही माहीत नव्हतं.

"आवो, जरा एका जागी बसा की," कुसुमबाई म्हणत.

"बसून काय करू?"

"काय बी करू नका. निस्तं बसा. लोक बसत्यात की."

"कसं काय बसत्यात?" तात्याराव विचारत. टोमणा नव्हता, त्यांना खरंच जाणून घ्यायचं होतं.

एक दिवस त्यांनी मसाल्याचे डबे सुटण्याच्या वेळेप्रमाणे लावले. म्हणजे फोडणीत जे आधी पडतं ते पुढे, जे नंतर पडतं ते मागे. त्या दिवशी कुसुमबाईंनी पोह्यात मोहरीऐवजी मेथ्या घातल्या आणि संध्याकाळी भाच्याला फोन लावला. भाचा बुद्धभूषण सोनपेठच्या एका वाचनालयात ग्रंथपाल होता. 

"भूषण, तुझ्या मामाला कायतरी दे रं वाचायला. पेपर न्हाई, पेपर चहासंगं सपतो. लय मोठं कायतरी दे. न्हाईतर मीच तुझ्याकडं राहायला येते."

मामी राहायला येण्याची भीती होती की मामाची काळजी, कोण जाणे, पण बुद्धभूषण त्याच रविवारी हजर झाला. त्याच्या पिशवीतून विटेएवढं एक पुस्तक निघालं. 'नऊ नद्यांची गाथा: भाग पहिला'.

"मामा, परदेशातली कादंबरी हाय, मराठीत आलीय. राजे, राण्या, उडते साप, शापित किल्ले, सगळं हाय."

तात्यारावांनी पुस्तक हातात तोलून पाहिलं. "भाग पहिला म्हंजे?"

"एकूण नऊ हायेत."

"नऊ! आरं, येवढं सपवायला पुढचा जलम लागंल मला."

"म्हणून तर आजच सुरू करा," बुद्धभूषण म्हणाला आणि चहा पिऊन सोनपेठच्या गाडीला पळाला.

तात्यारावांनी पुस्तक उघडलं ते नाखुशीनेच. पण पहिल्याच पानावर नकाशा होता. नऊ नद्या, त्यांच्यावरचे पूल, किल्ले, घाट, वस्त्या. ज्या माणसाने जन्मभर मार्ग आणि फेऱ्या सांभाळल्या, त्याच्यापुढे नकाशा ठेवला तर दुसरं काय होणार? ते खाली बसले.

"हे बघ," थोड्या वेळाने ते ओरडले, "ह्या किल्ल्यावरून राजधानीला थेट रस्ताच न्हाई. सगळ्यांना ह्या एका पुलावरून जावं लागतंय. उद्या हा पूल बंद पडला तर?"

"मंग काय होईल?" कुसुमबाईंनी भाकरी थापता थापता विचारलं.

"तेच बघायचंय," तात्याराव म्हणाले आणि पान उलटलं.

त्यानंतर घरात अशी शांतता पसरली की कुसुमबाई मधून मधून डोकावून त्यांचा श्वास चालू आहे ना हे बघू लागल्या. जेवताना मात्र तात्याराव सगळा हिशेब देत. युवराज अर्कवर्ण कसा गादीला मुकला, त्याची सावत्र आई राणी मेघांबरा किती कपटी, सेनापती भैरवाक्षाने कुठे दगा दिला, आणि तांबडी नावाची युवराजाची घोडी कशी माणसापेक्षा शहाणी. कुसुमबाई ऐकत, वाढत, "अगं बया," म्हणत. तात्यारावांना सगळ्यात मोठं सुख वेगळंच होतं. कितीही वाचलं तरी पुढे ढीगभर उरत होतं. सकाळी डोळे उघडले की आज काय करायचं हा प्रश्नच उरला नव्हता. एवढी मोठी गोष्ट सुरू केलेल्या माणसाला रिकामं कोण म्हणेल? फाटकाशी कोणी भेटलं आणि "काय करायलाव सध्या?" म्हणालं तर ते छाती पुढे काढून सांगत, "तिसरा भाग चालू हाय."

तिसऱ्या भागाच्या अखेरीला घात झाला. राणीने तोच तो पूल तोडला. युवराज तुटक्या दोराला लटकला. खाली मगरींनी भरलेली नदी, वर हातात सुरी घेतलेली राणी, पलीकडच्या काठावर बाण लागलेली तांबडी. आणि नेमकी तिथेच अक्षरं पाण्यात पडल्यासारखी हलायला लागली. तात्यारावांनी चष्मा पुसला, पुस्तक उन्हात धरलं, एक डोळा मिटून पाहिलं. युवराज होता तिथेच लटकत राहिला.

मोतीबिंदू होता. तो त्यांना आधीपासूनच ठाऊक होता, पण डोळ्याला सुई लागणार या नुसत्या कल्पनेने त्यांनी परभणीच्या डॉक्टरांना बरीच वर्षं टोलवलं होतं. आता ते स्वतःहून जाऊन बसले.

"डॉक्टरसाहेब, उद्याच करून टाका."

"आता का हो एवढी घाई?"

"राणीनं पूल तोडलाय."

डॉक्टरांनी कुसुमबाईंकडे पाहिलं. कुसुमबाई म्हणाल्या, "तुमी करा साहेब. डोकं चांगलं हाय त्यांचं."

ऑपरेशन छान झालं. फक्त घरी सोडताना डॉक्टरांनी बजावलं, "डोळ्यात पाणी जाऊ द्यायचं नाही, ओझं उचलायचं नाही, आणि महिनाभर वाचायचं नाही. मग नंबर काढू."

"महिनाभर?" तात्याराव काळ्या चष्म्याआडून किंचाळले. "आवो, त्याचा हात सुटंल की!"

घरी आल्यावर वाहतूक दुप्पट वेगाने सुरू झाली. आता काळा चष्मा असल्याने ते कपाटावर, खुर्चीवर आणि एकदा दूधवाल्यावर आदळले. बुद्धभूषणने चौथा भाग आणून ठेवला होता. तो टेबलावरून हलत नव्हता आणि तात्यारावांच्या डोक्यातूनही. त्यांनी भाच्याला फोन लावला.

"फक्त येवढंच सांग. पडला का न्हाई?"

"मामा, मी न्हाई सांगणार. सगळी मजा जाती."

"माझा जीव जायलाय आन तुला मजा सुचायली!"

शेवटी कुसुमबाईंनी पदराला हात पुसले, चौथा भाग उचलला आणि खिडकीजवळ जाऊन बसल्या. "मी वाचते. पर मधात मधात बोलायचं न्हाई."

तात्याराव लहान पोरासारखे मांडी घालून समोर बसले. कुसुमबाईंनी पान उघडलं, जवळ धरलं, लांब धरलं, पुन्हा जवळ धरलं आणि बराच वेळ गप्प राहिल्या.

"वाच की!"

"मनात वाचून घेऊ द्या आधी. तर तो पडला न्हाई."

"हुश्श! कसा काय?"

"त्याला फांदी घावली."

"पुलावर फांदी?"

"काठावरलं झाड होतं मोठं, वडाचं. त्याची फांदी आल्ती पार तिथवर. लिव्हलंय इथं."

तात्यारावांना नकाशात वडाचं झाड आठवेना, पण युवराज वाचला होता, मग झाडाची चौकशी कोण करतो?

आता रोज दुपारी वाचन होऊ लागलं. चौथा भाग आधीच्या तिन्हींपेक्षा सरस निघाला. तीन भाग हजारो सैनिक नुसते चालत आणि लढत होते, जेवत कधी नव्हते. चौथ्या भागात सैन्याने पहिल्यांदा मुक्काम टाकला, चुली मांडल्या आणि तिखट पिठलं केलं. तांबडीचा बाण एका म्हातारीने काढला, हळद भरली आणि घोडी तिसऱ्या दिवशी उभी राहिली. राणी मेघांबराचाही नवाच खुलासा झाला. एवढ्याशा वयात तिला नऊ नद्यांपलीकडे देऊन टाकलं होतं. कोणी कधी माहेरी नेलं नाही. मग माणूस कडू होणार नाही तर काय?

"हे आधी काहून सांगितलं न्हाई लेखकानं?" तात्याराव हळहळले.

"त्याच्या ध्यानात आलं नसंल," कुसुमबाई म्हणाल्या आणि पान उलटलं.

एकदाच तात्यारावांना शंका आली. "अगं, आधी ही राणी लय शुद्ध बोलायची. 'हे सेनापते' वगैरे. आता आपल्यावानी कशी बोलायली?"

कुसुमबाईंचा हात पानावर थांबला. "चौथ्या भागाला भाषांतर करणारा बदललाय."

"चांगला हाय हा माणूस," तात्याराव म्हणाले.

शेजारच्या बायाही दुपारी शेंगा फोडायच्या निमित्ताने येऊन बसू लागल्या. सगळं इतकं सुरळीत चाललं होतं, आणि तेवढ्यात बुद्धभूषणचा फोन आला.

"मामा, आमच्या वाचनालयाचा वाचक मेळावा हाय सोनपेठला, बाजाराच्या दिवशीच. मामी चौथा भाग वाचून दाखवायलीय म्हणं, मंग तुमीच बोलायचं 'नऊ नद्यां'वर. आख्ख्या तालुक्यात चौथा भाग वाचलेला माणूस घावंना. एक किशनराव गुरुजी हायेत, पर ते सगळ्याच कार्यक्रमात बोलत्यात."

तात्यारावांना माईक मिळणार होता. ते तिथल्या तिथे घसा खाकरायला लागले. कुसुमबाईंच्या हातातलं ताट मात्र सटकलं.

"तुमचा डोळा अजून कच्चा हाय. कशाला जायचं?"

"माईकवर बोलायला डोळा लागतो का?"

"धूळ असती बाजारात."

"काळा चष्मा हाय की. लोकांना वाटंल कोणी मोठा माणूस आला."

"मंग फकस्त पयल्या तीन भागावर बोला."

"आन सगळ्यात चांगला भाग सोडून देऊ?"

त्या दिवसापासून कुसुमबाईंचीच वाहतूक सुरू झाली. त्या फाटकापर्यंत जात, परत येत, फ्रीज उघडत, बंद करत. मी येणार नाही म्हणाल्या. मेळाव्याच्या सकाळी सगळ्यात आधी साडी नेसून त्याच तयार होत्या. जे व्हायचं ते आपल्या डोळ्यांदेखत झालेलं बरं.

सोनपेठच्या वाचनालयासमोर छोटा मंडप होता. बाजाराला आलेली माणसं भाजीच्या पिशव्या घेऊन सावलीला टेकली होती, त्यामुळे बुद्धभूषणने कल्पनाही केली नव्हती एवढी गर्दी झाली. तात्यारावांनी "जय भीम, नमस्कार," म्हणून माईक हातात घेतला आणि कितीतरी महिन्यांनी उभ्या जागी त्यांचे पाय स्थिर झाले. तीन भाग त्यांनी भराभर संपवले आणि चौथ्यावर आले. फांदी सांगितली. पिठलं सांगितलं. राणीचं माहेर तर असं सांगितलं की पुढे बसलेल्या चतुराबाईंनी, ज्या खरं तर कांदे विकून घरी निघाल्या होत्या, डोळ्यांना पदर लावला.

"...आन मंग त्या तांबडीनं राणीला पाठीवर घेतलं आन नऊच्या नऊ नद्या वलांडून माहेरी नेलं!"

टाळ्या पडल्या. त्या टाळ्यांतूनच किशनराव गुरुजी उठले. गुरुजींनी तीस वर्षं परीक्षेचे पेपर तपासले होते आणि चूक दिसली की त्यांना उभं राहावंच लागे.

"माफ करा, पण हे साफ चूक आहे. घोडी चौथ्या भागाच्या तिसऱ्याच पानावर मरते."

मंडपात कुजबुज झाली. चतुराबाई गर्रकन वळल्या. "मरती कशी? आत्ताच राणीला माहेरी घेऊन गेली की!"

"बाई, राणी माहेरी जात नाही. राणी युवराजाला कैद करते."

"काहून?"

"काहून म्हणजे? पुस्तकात तसं आहे."

"मंग पुस्तक दुरुस्त करा!" मागून कोणीतरी ओरडलं, आणि मंडपात दोन तट पडले. गुरुजींच्या बाजूला गुरुजी होते. दुसऱ्या बाजूला सोनपेठचा बाजार होता.

बुद्धभूषणने घाईघाईने आतून वाचनालयाची दुसरी प्रत आणली आणि पान काढून वाचून दाखवलं. घोडी खरोखर मेली होती. अर्ध्या ओळीत मेली होती. तरी माणसं चतुराबाईंच्याच बाजूची राहिली. "तुमची प्रत खराब हाय," त्या ठामपणे म्हणाल्या. "भिजलेली असंल. ह्या पावण्यांची प्रत आणा."

तात्याराव माईक धरून उभे होते. त्यांच्या डोळ्यांपुढून वडाची फांदी गेली, पिठलं गेलं, नवा भाषांतरकार गेला. त्यांनी काळा चष्मा वर करून पहिल्या रांगेत पाहिलं. कुसुमबाई खुर्चीखाली वाकून पायातच असलेली चप्पल शोधत होत्या.

मंडप त्यांच्याकडे बघत होता. रखडलेल्या गाडीपुढे संतापलेली गर्दी त्यांनी हजारदा पाहिली होती. तोंडातून आपसूक तोच जुना आवाज बाहेर पडला.

"वाचकांनी कृपया लक्ष द्यावं. काही तांत्रिक कारणामुळे पाथरी विभागात चौथ्या भागाच्या मार्गात बदल करण्यात आला आहे. गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत."

आणि ते खाली उतरले. टाळ्या पहिल्यापेक्षा जास्त पडल्या.

परतीच्या बसमध्ये दोघं शेजारी बसले. तात्याराव खिडकीची काच उघडत होते, बंद करत होते.

"घोडी मेली व्हय?" शेवटी त्यांनी विचारलं.

"मेली असंल. गुरुजी खोटं कशाला बोलतील?"

"असंल म्हंजे? तू वाचलं न्हाई?"

कुसुमबाई समोरच्या सीटच्या दांडीकडे बघत राहिल्या. "एक ओळ बी न्हाई वाचली. मला अक्षर दिसतंय कुठं? मुंग्या चालल्यावानी दिसतंय सगळं. लय दिसापासून."

तात्यारावांचा हात काचेवर थांबला.

"मंग बोलली काहून न्हाईस?"

"तुमचा डोळा निघालावता ऑपरेशनला. दोघांच्या बी डोळ्यावर पट्टी बांधली तर तुमच्या डोळ्यात थेंब कोण घालणार? आन तुमी तर असे येड्यावानी फिरायलेवता. म्हणलं, सांगावं कायतरी. जेवताना तुमी सांगितलेलं ध्यानात होतंच. पुढलं आपलं आपण."

गेले काही महिने भातात खडा लागला की आपण कुरकुर करायचो, हे तात्यारावांना आठवलं. तांदूळ निवडताना ती हल्ली ताटाकडे न बघता बोटांनी चाचपडायची, तेही आठवलं. कुकरची प्रत्येक शिट्टी मोजणाऱ्या माणसाला हे दिसलं नव्हतं, आणि त्याला मोतीबिंदू हे काही कारण नव्हतं.

"उद्या परभणीला जायचं," ते म्हणाले.

"उद्या? मिरच्या वाळत घातल्यात."

"मिरच्या वाळतील त्यांच्या त्यांच्या. उद्याच."

परभणीला त्याच सुमाराला मोठं नेत्र शिबिर होतं. कुसुमबाईंची तपासणी झाली, त्यांचाही मोतीबिंदूच निघाला, ऑपरेशनला नंबर लागला, आणि तात्यारावांचाही महिना भरून नवा चष्मा आला. त्यांनी अधाशासारखा चौथा भाग वाचून काढला. घोडी मरत होती, राणी कपटी ती कपटीच राहत होती, आणि सैन्य शेवटपर्यंत उपाशी लढत होतं. तरीही पुढचं कळल्याशिवाय चैन पडेना, म्हणून त्यांनी पाचवा मागवला. मनात बेत पक्का होता. हिचं ऑपरेशन झालं की हिच्या उशाशी बसायचं आणि खरी गाथा पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचून दाखवायची. बिचारीला खरं पुस्तक ठाऊकच नाही.

ऑपरेशनच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ते घरून भाकरी आणि पिशवीत पहिला नि पाचवा असे दोन्ही भाग घेऊन दवाखान्यात पोचले. बायकांच्या वॉर्डाबाहेर घोळका होता. आज सगळ्यांना सुट्टी होती, गाड्याही येऊन उभ्या होत्या, पण एकही पेशंट बाहेर पडत नव्हता. एक तरणा डॉक्टर हातातलं घड्याळ बघत दारात उभा होता. तो ओरडत असेल असं तात्यारावांना वाटलं, पण तोही कान देऊन ऐकत होता.

त्यांनी त्याच्या खांद्यावरून आत डोकावलं. खाटाखाटांवर एका डोळ्याला पट्टी बांधलेल्या म्हाताऱ्या बसल्या होत्या. बाहेरगावच्या लेकी-सुना जमिनीवर दाटीने टेकल्या होत्या. मधल्या खाटेवर कुसुमबाई मांडी घालून, पट्टी बांधलेला चेहरा किंचित वर करून सांगत होत्या.

"...तर राणी दहाव्या नदीच्या काठी आली. ही नदी कुणाच्याच नकाशात नव्हती. आन पल्याड पाहती तर काय, तिची आई हुबी!"

"दहावी?" तात्यारावांच्या तोंडून निघालंच. ते गर्दीतून वाट काढत पुढे सरले आणि पिशवीत हात घालून म्हणाले, "अगं, नद्या नऊच हायेत! हे बघ, पुस्तकात तर..."

सगळ्या वॉर्डाने आपापला उघडा डोळा त्यांच्यावर रोखला. दाराजवळ बादलीवर बसलेली आया उठली आणि तिने त्यांचा दंड धरून त्यांना भिंतीकडे सारलं.

"बाबा, एक तर मधातच आलाव, आन वरून बोलायलाव बी. गुमान बसा तिथं."

तात्याराव बसले. पिशवी त्यांनी मांडीवर घेतली. कुसुमबाईंनी एवढ्यात राणीला पाण्यात उतरवलं होतं आणि पाणी कमरेपर्यंत चढलं होतं. तात्यारावांनी थोडा वेळ धीर धरला, मग न राहवून शेजारच्या एकडोळ्या म्हातारीच्या कानाशी वाकले.

"मावशी, आईला कसं काय कळलं, ही येणार हाय म्हणून?"

"श्श!" म्हातारी म्हणाली.